भरल्या घरातलं परकेपण

आल्बेर कामूच्या ‘द आउटसायडर’मध्ये (1942) मर्सो एका अरबाचा खून करतो, पण कोर्टात उकरून काढलं जातं ते भलतंच. आईच्या प्रेताशेजारी बसून यानं कॉफी प्यायली, सिगारेट ओढली, डोळ्यांतून टिपूस काढलं नाही. खानदेशातल्या सावदा-फैजपूरकडच्या माणसाला हा खटला समजावून सांगावा लागत नाही. आमच्याकडे तो दर मयताला चालतो. दारावर बसायला आलेल्या बायका सुनेचे डोळे निरखतात. परगावाहून उशिरा पोचलेल्या मुलाची उलटतपासणी तर चहा यायच्या आत उरकते.

याच पट्ट्यातल्या सांगवीचे भालचंद्र नेमाडे. 1963 साली, ऐन पंचविशीत, त्यांची ‘कोसला’ ही कादंबरी आली आणि तिचा नायक पांडुरंग सांगवीकर याला मर्सोच्या रांगेत बसवायची सवय लागली. मला ही सोयरीक घाईची वाटते. मर्सोला आतून काय होतं, याचा थांग कामू लागू देत नाही. पांडुरंगाचं तसं नाही. धाकटी बहीण मनी देवीच्या आजारानं जाते, आणि तोवर होस्टेल, परीक्षा, प्राध्यापक या सगळ्यांची टर उडवत आलेला हा पोरगा पार कोलमडतो. पुढेही तो तुसडाच राहतो. फक्त त्या तुसडेपणाखाली काय दडलंय ते आता आपल्याला माहीत असतं.

दुसरी गोष्ट पैशाची. तिच्याबद्दल समीक्षक फारसे बोलत नाहीत. मर्सो अल्जिअर्समधल्या कचेरीत कारकुनी करून पोट भरतो. पांडुरंगाचं पुण्यातलं परकेपण बापाच्या पैशांवर चालतं, आणि बापाशी तर त्याचं पटत नाही! शिक्षण फसल्यावर तो गावी येतो. गाव त्याला बाहेर काढत नाही, तसं मोकळंही सोडत नाही. युरोपातल्या कादंबरीत नायकाला एकटं पडायला अनोळखी शहर पुरतं. इथे भरल्या घरात, विचारपूस करणाऱ्या दहा माणसांत एकटं पडावं लागतं, आणि दार लावून घेतलं तर सगळे दाराशी जमतात.

सावद्याची केळी रेल्वेनं उत्तरेकडे जातात, पोरं शिकायला पुण्याकडे. त्यातलं एखादं सुट्टीत येऊन नुसतंच गप्प बसलं, की आई विचारते, “बरं नाही का रे?” काहीच वाटेनासं झालंय, हे त्या प्रश्नाला उत्तर म्हणून देता येत नाही. नेमाड्यांना त्यासाठी अख्खी कादंबरी लागली.