कणकेचा कोंबडा आणि पडद्यावरचा शिपाई

आपल्या घरांतून भाजी ‘कापत’ नाहीत, ‘सुधारतात’. बोलण्यातसुद्धा सुरी नको, अशी आपली शिकवण. त्याच घरांत आता मुलं पडद्यावर ‘मार, मार’ ओरडतात.

देवासला माझ्या बहिणीचा नातू ‘असॅसिन्स क्रीड ३’ खेळतो. २०१२ सालचा हा खेळ, अमेरिकेने इंग्रजांविरुद्ध केलेल्या क्रांतीचा. नायक अर्धा मोहॉक, अर्धा इंग्रज. मनगटाशी लपवलेलं पातं. तो लाल डगलेवाल्या शिपायांना मारतो, जंगलात हरणं मारून त्यांची कातडी विकतो. नातू म्हणतो, “मावशीआजी, रक्त खरं थोडंच आहे?”

रक्त खरं नाही, कबूल. पण आपल्या शेजारच्या उज्जैनच्या यशोधर राजाची कथा आठवा. आई चंद्रमतीच्या हट्टापायी त्याने देवीपुढे कणकेचा कोंबडा बळी दिला. रक्ताचा थेंब सांडला नाही, तरी मायलेकांना कितीतरी जन्म पशुयोनीत काढावे लागले. कोंबडा कणकेचा होता. मारण्याचा भाव मात्र खरा होता.

मग खेळ बंदच करायचे का? मला तसं वाटत नाही. तेराव्या शतकात धारजवळच्या नालछ्याला पंडित आशाधर राहत. ‘सागारधर्मामृता’त ते म्हणतात, नांगरताना जीव मारणाऱ्या शेतकऱ्यापेक्षा, एकही मासा न मारलेला कोळी अधिक पापी. म्हणजे हाताआधी संकल्प पाहायचा.

हीच फूटपट्टी खेळाला लावू या. अंगावर आलेल्याला अडवणं ही विरोधी हिंसा. गृहस्थाला ती पूर्ण सुटत नाही. १८५७ च्या ऑक्टोबरात इंग्रजांनी धारच्या किल्ल्याला वेढा घातला, तेव्हा आतल्यांनी हात जोडून बसावं, असं कोणता गृहस्थ म्हणेल? खेळातला मोहॉक आपलं गाव वाचवायला लढतो, ते त्यात बसेल. पण कातडीसाठी हरीण? ती सरळ संकल्पी हिंसा. पोरगं जिथे चेकाळतं, तिथेच त्याला शांतपणे विचारावं, “आत्ता तुझ्या मनात काय होतं रे?” उत्तर त्याचं त्यालाच सापडू द्यावं.

आणि बायांनो, एक विसरू नका. कोंबड्याचा हट्ट आईचा होता, म्हणून फळ तिलाही भोगावं लागलं. पोर गप्प बसावं, आपली कामं उरकावीत, म्हणून खेळ आणून देणाऱ्या आपणच असतो. तेव्हा भाव तपासायचा तो त्याच्या एकट्याचा नाही.