नदीच्या दोन काठांवर एक चूक

व्याहाडजवळ मामींचं घर. समोर वैनगंगा, पलीकडे गडचिरोली जिल्हा. तिथं १९९३ पासून दारूबंदी आहे. अलीकडे, चंद्रपूर जिल्ह्यात, ती १ एप्रिल २०१५ ला लागली आणि २०२१ मध्ये उठली. डिसेंबर २०१० मध्ये बंदीच्या मागणीसाठी बाया चिमूरहून नागपूरला पायी गेल्या, त्यांत मामीही होत्या. आम्ही बोलत बसलो तेव्हा धानाची रोवणी आटोपली होती, म्हणून सवड होती.

मी : मामी, सरकारनं सहा वर्षांत आपली चूक ओळखली. चुकल्यावर मागं फिरणं हेच शहाणपण.

मामी : चूक होती हे कशावरून?

मी : चोरटी दारू वाढली, बनावट दारू आली, बायापोरं त्या धंद्यात ओढली गेली, महसूल बुडाला. रमानाथ झा समितीचा अहवाल आला आणि २७ मे २०२१ ला मंत्रिमंडळानं बंदी उठवली.

मामी : त्याच्या आधी देवतळे समिती होती. तिनं बंदी करा म्हटलं. एक समिती लावा म्हणते, दुसरी आल्यावर उठते. चुकलं कोण?

मी : पहिलीकडे अंदाज होता, दुसरीकडे सहा वर्षांचा अनुभव.

मामी : कोणाचा अनुभव? चौकातलं दुकान बंद झालं, तवा आम्ही बाया दिवे लागल्यावरही त्या रस्त्यानं जाऊ लागलो. हे कोणत्या रकान्यात लिहिलं?

मी : एका चौकावरून जिल्ह्याचं ठरत नाही. तुम्ही शेती करता. बियाणं फसलं तर पुढच्या साली बदलताच ना?

मामी : धानाची चूक दिवाळीपर्यंत कळते. लोंबी पोचट निघाली की बांधीत उभं राहून कबूल करावंच लागते. कायद्याची कापणी कोणत्या महिन्यात असते?

मी : सहा वर्षं कमी नाहीत.

मामी : पलीकडे तीस वर्षं होऊन गेली. तिथं चोरून दारू येत नाही काय? येते. मग तिकडे म्हणता काम बाकी आहे, इकडे म्हणता बंदी फसली. दुखणं एकच, नावं दोन काऊन?

मी : हीच तर पळवाट आहे. कायदा चांगला, अंमलबजावणी वाईट, असं म्हटलं की कोणताच कायदा कधी चुकणार नाही. जे चुकूच शकत नाही, त्यातून शिकायचं काय?

मामी गप्प झाल्या. उठून चुलीतलं लाकूड मागं ओढलं. मला वाटलं, आपण जिंकलो.

मामी : चूक झाली, पण ती कोणत्या अहवालात नाही. बंदी लागली आणि आम्ही आपापल्या घरी गेलो. आता पोलीस पाहून घेतील म्हटलं. पलीकडे २०१६ पासून दारूमुक्तीच्या मोहिमेतले मुक्तिपथवाले गावोगाव संघटना बांधत फिरतात. आम्ही कागदाच्या भरवशावर राहिलो.

मी : म्हणजे कायदा बरोबर, तुम्ही चुकलात?

मामी : तसं वेगळं काढता आलं असतं, तर शिकणं सोपं होतं. आम्ही घरी बसलो म्हणून बंदी मोडली, की मोडणारीच होती म्हणून आम्ही थकलो, हे मलाही समजत नाही.

मी : मग निदान महसूल तरी...

मामी : थांब. बंदीनं महसूल बुडतो, तो रुपयांत मोजता येतो. बंदी उठली की घरात मार बसतो, तो कशात मोजता? जी चूक मोजता येते तीच तुम्हाला दिसते.

याला माझ्याकडे उत्तर नव्हतं. मी बाजू बदलली.

मी : बरं, काय दिसलं तर तुम्ही म्हणाल, बंदी मागितली हेच चुकलं?

त्या बराच वेळ नदीकडे पाहत राहिल्या.

मामी : पलीकडच्या बाया आपल्या मनानं म्हणाल्या, आमच्या गावात दुकान उघडा, तर मी चुकली. माणसं नाही, बाया. आता तू सांग. काय दिसलं तर बंदी उठवली ते चुकलं म्हणशील?

मी : आकडे पाहावे लागतील.

मामी : कोणते, ते आजच सांगून ठेव. मागून सांगशील, तर तुझ्या सोयीचेच निघतील.