वडाचा पाळणा आणि प्रसूतीच्या खोलीतला दिवा

कित्तूरचा सेनानी संगोळ्ळी रायण्णा याला इंग्रजांनी 26 जानेवारी 1831 रोजी नंदगडात फाशी दिली. त्याच्या समाधीपाशी असलेल्या वडाला लोक आजही मूल व्हावे म्हणून लाकडी पाळणे बांधतात. त्या आईबापांची तळमळ खरी आहे. तिची टिंगल मी करणार नाही. माझा प्रश्न पुढचा आहे. ते मूल जन्माला येईल त्या रात्री वीज गेली, तर प्रसूतीच्या खोलीत दिवा कशावर जळणार?

पावसाळ्यात नंदगडाच्या खानापूर तालुक्यातल्या जंगलपट्ट्यात झाडे तारांवर कोसळतात आणि गावे अंधारात बुडतात. याला दैव म्हणून सोसण्याचे कारण उरलेले नाही; उन्हापासून वीज करणे आता हाताशी आले आहे. 1954 साली अमेरिकेतील बेल प्रयोगशाळेचा सिलिकॉन सौरघट उन्हातल्या जेमतेम 6 टक्के ऊर्जेची वीज करी. आज बाजारातले चांगले पॅनेल 20 टक्क्यांहून अधिक करते. सिलिकॉनवर पेरोव्हस्काइट या स्फटिकी पदार्थाचा थर दिलेल्या घटाने तर प्रयोगशाळेत 34 टक्के ओलांडले. ही मजल नवसाने गाठली नाही. प्रत्येक दावा मोजला, खोटा ठरला तो टाकला, म्हणून गाठता आली.

कुणी म्हणेल, आमच्या पावसात पॅनेल काय कामाचे? ढगाळ दिवशी वीज घटते, पण बंद होत नाही. मात्र नुसता वीजवाहिनीला जोडलेला संच पुरवठा गेला की थांबतो. म्हणून दवाखान्याला बॅटरी हवीच. कुणी म्हणेल, कर्नाटक सरकारच्या गृहज्योती योजनेत घरांना 200 युनिटपर्यंत वीज फुकट आहे. पण फुकट वीज अखंड असतेच असे नाही. मग नवे घट येईपर्यंत थांबावे का? पेरोव्हस्काइट ओलाव्याने आणि उष्णतेने लवकर खराब होते, त्यात बहुधा शिसेही असते. विज्ञानावरसुद्धा आंधळा विश्वास नको. सिलिकॉनचे पॅनेल पंचवीस वर्षे चालते आणि आजच मिळते.

राहिला पैसा. जत्रेच्या रोषणाईसाठी आपण घरोघर फिरून वर्गणी जमवतो, आणि दवाखान्यातल्या दिव्यासाठी सरकारकडे बोट दाखवतो. पहाटे सूर्याला अर्घ्य देणाऱ्यांनी तरी हे स्वतःला विचारावे.

पुढच्या ग्रामसभेत एवढेच विचारा: वीज गेल्यावर प्रसूतीच्या खोलीतला दिवा आणि लशींचा फ्रीज किती तास चालतो? उत्तर समाधानकारक नसेल, तर बॅटरीसह सौरसंचाचा ठराव तिथेच मांडा. ज्याला पाळणा बांधायचा त्याने बांधावा. पण त्या पाळण्यात निजणाऱ्या बाळाला उजेडात जन्म देणे, ही जबाबदारी वडाची नाही, आपली आहे.