पालोमा, पपनस आणि नावाचा हक्क

टकिला, ग्रेपफ्रूट, लिंबू, मीठ, सोडा आणि बर्फ यांच्या मिश्रणाला पालोमा म्हणतात. मेक्सिकोत हे पेय घरीही करतात आणि बारमध्येही मिळते. तिथे बऱ्याचदा फळ पिळण्याच्या भानगडीत कोणी पडत नाही. ग्रेपफ्रूटच्या चवीचा बाटलीबंद सोडा सरळ टकिलावर ओततात. स्क्वर्ट नावाचा असा एक प्रसिद्ध सोडा १९३८ साली अमेरिकेतल्या ॲरिझोना राज्यात निघाला आणि पुढे मेक्सिकोत रुळला. पालोमा पहिल्यांदा कोणी केली याचा पक्का पुरावा मात्र नाही. एका जुन्या बारमालकाकडे श्रेय जाते, पण तेही केवळ ऐकीव.

हे पेय घरी करायचे म्हटले की सातारा जिल्ह्यात कऱ्हाडला लागून असलेल्या मलकापुरासारख्या गावात एक शेरा ठरलेला असतो: अस्सल पालोमा इकडे होणारच नाही. टकिला परदेशी आणि महाग, ग्रेपफ्रूट मंडईत दिसत नाही, तेव्हा उगाच नक्कल कशाला? हा शेरा खटकतो, कारण त्यात दोन निराळ्या गोष्टींची गाठ मारलेली आहे. काही नावे जागेची असतात, काही कृतीची. टकिला हे जागेचे नाव आहे, पालोमा हे कृतीचे. जागेच्या नावावर त्या जागेचा हक्क असतो. कृती ज्याच्या हाताला जमेल त्याची. अस्सलपणाचा आग्रह धरणारा हा भेद करत नाही आणि पहिल्या प्रकारचा नियम दुसऱ्यावर लादतो.

आधी टकिला. मेक्सिकोच्या हालिस्को राज्यातल्या तकीला गावावरून हे नाव आले. १९७४ साली मेक्सिकोने ते कायद्याने राखून ठेवले. निळी अगावे या एकाच जातीच्या झाडापासून, हालिस्कोत आणि ग्वानाह्वातो, मिचोआकान, नायारित, तामाउलिपास या चार राज्यांच्या ठरावीक भागांत बनलेल्या दारूलाच ते लावता येते. किमान ५१ टक्के साखर अगावेची हवी. चांगल्या बाटलीवर १०० टक्के असे लिहिलेले असते. रोप पाच-सात वर्षे वाढू देतात, फुलाचा दांडा वर आला तर तो छाटतात म्हणजे साखर गड्ड्यातच राहते. मग पाने तासून गड्डा भट्टीत शिजवतात. गड्ड्यात फ्रुक्टोजच्या लांब साखळ्या असतात, त्या शिजल्यावर तुटतात आणि गोड रस सुटतो. तो आंबवून दोनदा ऊर्ध्वपातन केले की टकिला होते. तिच्यातला हिरवा, किंचित मिरीसारखा वास या झाडाचा आहे, आणि पालोमात टकिला घालण्याचे खरे कारण तोच वास. नुसती नशा हवी असेल तर कोणतीही दारू चालली असती.

अगावे महाराष्ट्राला नवी नाही. बांधाला, रेल्वेमार्गाच्या कडेला, माळावर कुंपण म्हणून लावलेली घायपात, म्हणजेच केकताड, ही तिचीच भावंडे. अमेरिका खंडातून आलेल्या या झाडाने दख्खनच्या उथळ, दगडी जमिनीत बस्तान बसवले. तिची पाने कुजवून, चेचून वाख काढायचा आणि त्याचे कासरे, दावी, नाडे वळायचे हा मातंग कुटुंबांचा पिढ्यान्‌पिढ्यांचा व्यवसाय होता. नायलॉनची दोरी आली आणि तो बसला. म्हणजे ज्या झाडाच्या गड्ड्यावर मेक्सिकोत एक उद्योग उभा राहिला, त्याच कुळातल्या झाडाच्या पानांवर इथे बैल बांधले गेले. गड्ड्याकडे मात्र फार उशिरा लक्ष गेले. डेस्मंड नाझरेथ यांनी दख्खनच्या पठारावरच्या अगावेपासून दारू काढण्याचा प्रकल्प आंध्र प्रदेशातल्या चित्तूर जिल्ह्यात उभारला आणि २०११ साली ती बाटली बाजारात आणली. तिच्यावर टकिला हा शब्द नाही, अगावेची दारू असेच म्हटलेले आहे. हा मुद्दा पुढे लागणार आहे.

आता फळ. ग्रेपफ्रूट परके खरे, पण त्याचे मूळ परके नाही. अठराव्या शतकात कॅरिबियन समुद्रातल्या बार्बाडोस बेटावर पपनस आणि गोड संत्रे यांचा आपोआप संकर झाला आणि हे फळ जन्मले. जनुकीय अभ्यासात त्याचे मातृकुळ पपनसाचे निघाले. गणपतीच्या दिवसांत बाजारात येणारे, कोकण-गोव्यात गणपतीवर टांगलेल्या माटोळीला बांधले जाणारे पपनस हे ग्रेपफ्रूटची अक्षरशः आई आहे. तेव्हा मलकापुरात पपनस वापरणे याला तडजोड म्हणणे बरोबर नाही. ते एक पिढी मागे जाणे आहे.

तरी आई आणि लेक सारख्या नाहीत. दोघींचा कडूपणा मुख्यतः नारिंजिन या द्रव्याचा. ते सालीखालच्या पांढऱ्या गरात आणि फोडीच्या पापुद्र्यात जास्त असते. पपनस सहसा कमी आंबट, कमी रसाळ आणि जाड सालीचे. म्हणून ते संत्र्यासारखे आडवे कापून दाबू नये. साल काढावी, फोडी सुट्या कराव्यात, पापुद्रा सोलावा आणि फक्त रसाचे दाणे मोकळे करून गाळणीवर हलके दाबावेत. थोडा कडूपणा हवाच, म्हणून एक-दोन फोडींचा पापुद्रा राहू द्यावा. कडूपणा पुरता घालवला तर उरते ते गोडसर सरबत. रस आयत्या वेळी काढावा, कारण या जातीच्या फळांत रस उभा राहिला की काही तासांत आणखी एक कडू द्रव्य तयार होते आणि चव बिघडते.

मिठाचे काम इथे नीट समजून घ्यायला हवे. ग्लासच्या कडेला मीठ लावण्याची पद्धत दिसायला छान, पण पालोमात मीठ रसात विरघळलेले असावे. मीठ कडूपणा दाबते आणि त्याखाली झाकलेली गोडी वर आणते. १९९७ साली ‘नेचर’ या नियतकालिकात दोन अमेरिकी संशोधकांनी हे चवीच्या प्रयोगांतून दाखवले. पपनसाच्या फोडीला मीठ लावून खाणाऱ्याच्या जिभेला ते आधीच ठाऊक होते. विरघळलेले मीठ प्रत्येक घोटात सारखे लागते, कडेचे पहिल्या दोन घोटांत संपते.

या फळाबद्दल एक गोष्ट थोडी वाट सोडून सांगण्यासारखी आहे, कारण ती दारू आणि ग्रेपफ्रूट यांच्या मिश्रणातूनच कळली. कॅनडात डेव्हिड बेली आणि त्यांचे सहकारी फेलोडिपिन हे रक्तदाबाचे औषध आणि मद्य यांचा एकमेकांवर काय परिणाम होतो ते तपासत होते. मद्याची चव कळू नये म्हणून त्यांनी ते ग्रेपफ्रूटच्या रसात मिसळून दिले. औषधाचे रक्तातले प्रमाण अपेक्षेपेक्षा कितीतरी जास्त निघाले. मद्यावर बोट ठेवता येईना. शेवटी दोष रसाचा ठरला, आणि १९८९ व १९९१ साली हे निष्कर्ष प्रसिद्ध झाले. कारण पुढे उलगडले: ग्रेपफ्रूटमधली फ्युरानोकुमरिन ही द्रव्ये आतड्यातले एक एन्झाइम निकामी करतात. हे एन्झाइम एरवी औषधाचा बराच भाग रक्तात जाण्याआधीच मोडून टाकते. ते बंद पडले की नेहमीची गोळी जादा मात्रेसारखी वागते, आणि नवे एन्झाइम तयार होईपर्यंत, म्हणजे दिवसभर किंवा अधिक, हा परिणाम राहतो. रक्तदाबाची काही औषधे, कोलेस्टेरॉलसाठीच्या सिम्वास्टॅटिनसारख्या गोळ्या, अवयवरोपणानंतरचे सायक्लोस्पोरिन ही या यादीतली. पपनसातही ही द्रव्ये असतात. गोड संत्रे आणि मोसंबी यांचा असा त्रास नाही. चवीपुरते पाहिले तर पपनस ग्रेपफ्रूटची जागा घेते, आणि धोकाही त्याच जागेवर येऊन बसतो.

कृती अशी. उंच ग्लासात पपनसाचा ९० मिलिलिटर ताजा रस घ्यावा, त्यात कागदी लिंबाचा १५ मिलिलिटर रस, साखरेचा १० मिलिलिटर पाक आणि दोन चिमटी मीठ घालून मीठ विरघळेपर्यंत ढवळावे. ग्रेपफ्रूट मिळालेच तर लिंबू १० मिलिलिटरवर आणावे आणि पाक थोडा वाढवावा. त्यावर ४५ मिलिलिटर टकिला किंवा अगावेची दारू. मग ग्लास काठोकाठ बर्फाने भरावा. मोठे खडे घ्यावेत, ते सावकाश वितळतात. शेवटी गार सोडा, ९० मिलिलिटरच्या आसपास, ग्लासच्या कडेने ओतावा. कोमट सोड्यातला वायू लगेच उडतो, म्हणून बाटली आधीपासून फ्रिजमध्ये हवी. यानंतर चमचा एकदाच फिरवावा. बर्फ घरच्याच नळाच्या पाण्याचा करावा. चोवीस तास मीटरने पाणीपुरवठ्याच्या योजनेमुळे मलकापूर राज्यभर ओळखले गेले, तिथे यासाठी वेगळी सोय करायला नको. पाक मात्र साखरेचाच हवा. हा सारा पट्टा उसाचा आणि गुळाचा, त्यामुळे गूळ घालण्याचा मोह होतो, पण गुळाचा दमदार स्वाद अगावेच्या नाजूक वासावर बसतो आणि मग टकिला कशासाठी घातली तेच कळत नाही.

एवढी कृती हाताशी असताना अस्सलपणाचा आग्रह मोडीत निघाला असे वाटेल. कृतीपुरता तो निघतोच. ज्या पेयाचा जनक माहीत नाही, जे त्याच्या स्वतःच्या देशात बाटलीबंद सोड्यावर चालते, त्याच्या शुद्धतेचा पहारा कोणी करू नये. पपनसाची पालोमा ही पालोमाच.

पण हाच युक्तिवाद दारूच्या बाटलीपर्यंत ताणला की तो उलटतो. दख्खनची घायपात आणि हालिस्कोची अगावे एकाच कुळातली, तेव्हा तिच्या दारूलाही टकिला म्हणायला काय हरकत, असे सहज मनात येते. त्याचे उत्तर सातारा जिल्ह्यातच आहे. कोल्हापुरी चपलेला २०१९ साली भौगोलिक मानांकन मिळाले, तेव्हा महाराष्ट्रातले कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर आणि कर्नाटकातले चार जिल्हे त्याच्या हद्दीत आले. साताऱ्यातल्या कारागिराने केलेली चप्पल कोल्हापुरी म्हणवते, जसे नायारितमधले मद्य टकिला म्हणवते. जून २०२५ मध्ये प्राडा कंपनीने मिलानच्या फॅशन शोमध्ये तशाच चपला मूळ न सांगता मांडल्या तेव्हा इथे संताप झाला, आणि तो योग्य होता. कंपनीला मग त्यामागची भारतीय प्रेरणा मान्य करावी लागली. ज्याला तो संताप पटला त्याला टकिलाच्या नावावरचा मेक्सिकोचा हक्क नाकारता येत नाही. गोव्याच्या फेणीला २००९ साली मिळालेल्या मानांकनाचा आधार तोच. तेव्हा शेरा मारणाऱ्याचे अर्धे म्हणणे स्वीकारावे लागते: चित्तूरच्या बाटलीतून ओतलेल्या पेयाला टकिलाचे पेय म्हणू नये. त्या बाटलीच्या लेबलने जे इमान राखले ते पाहुण्यासमोरही राखावे.

नाव खरे सांगण्याची ही गरज ग्लासपर्यंत, थेट पपनसापर्यंत पोचते. समोरच्याला आत पपनस आहे हे कळायलाच हवे, कारण त्याच्या खिशातली गोळी त्यावर अवलंबून आहे. कृतीच्या नावाला मोकळीक असली तरी घटकांच्या नावाला नाही. सुरुवातीचा भेद इथे तेवढा दुरुस्त करून घ्यावा लागतो.

महाराष्ट्रात घरी मद्य पिण्यालाही कायदा लागू आहे. १९४९ च्या दारूबंदी कायद्यानुसार परवाना लागतो, आणि बिअर-वाइन सोडून इतर दारूसाठी वयाची अट २५ वर्षे आहे. विकत घेतलेली दारू घरी मिसळणे वेगळे. घायपातीपासून घरी दारू गाळणे हा गुन्हा आहे. वर दिलेल्या ग्लासात सुमारे १५ ग्रॅम अल्कोहोल असते. त्याने लघवी वाढते आणि शरीरातले पाणी कमी होते, म्हणून पेयातला थंडावा टकिलाचा नाही, तो फळ, मीठ, सोडा आणि बर्फ यांचा. तहान लागली असेल तर आधी पाणी प्यावे.

न पिणाऱ्यासाठी हेच पेय टकिला वगळून करता येते; पपनसाचा रस १२० मिलिलिटर घ्यावा आणि हिरव्या वासासाठी पुदिन्याची चार पाने चुरडून घालावीत. ज्याला वर सांगितलेल्यांपैकी एखादे औषध चालू आहे त्याच्या ग्लासात पपनस अजिबात नको. त्याला मोसंबीचा रस, मीठ तेवढेच. कडूपणासाठी मोसंबीच्या सालीची बारीक पट्टी ग्लासवर पिळून आत सोडावी.