तरंगत्या बेटाची दया

जोनाथन स्विफ्ट यांच्या ‘गलिव्हर्स ट्रॅव्हल्स’ (१७२६) या ग्रंथाची ओळख आपल्यापैकी पुष्कळांना शालेय वयात होते आणि वीतभर उंचीच्या माणसांपाशीच ती बहुधा थांबते. तिसऱ्या भागातील लापुटा या तरंगत्या बेटापर्यंत फार थोडे वाचक पोहोचतात. हा भाग मुलांसाठी नव्हेच. सत्ता, युद्ध आणि दया यांविषयी त्यात जे म्हटले आहे, ते प्रौढ वाचकालाही अस्वस्थ करणारे आहे.

लापुटाचा व्यास साडेचार मैल, जाडी तीनशे यार्ड. त्याचा तळ म्हणजे वज्रासारख्या कठीण दगडाची एकसंध शिळा. बेटाच्या मध्यभागी एक प्रचंड लोहचुंबक टांगलेला असून तो फिरवला की बेट वर चढते, खाली उतरते, पुढे सरकते. मात्र ते राजाच्या स्वतःच्या राज्याबाहेर जाऊ शकत नाही. म्हणजे आकाशातील हे सामर्थ्य परक्या शत्रूवर कधीच चालवता येत नाही. ते चालते केवळ स्वतःच्या प्रजेवर. (महाभारताच्या वनपर्वातील शाल्वाचे सौभ नगरही आकाशात तरंगत होते, पण ते निदान दुसऱ्याच्या द्वारकेवर चालून गेले होते.)

एखादे नगर बंड करून उठले, कर देईनासे झाले, तर राजा बेट त्याच्या माथ्यावर आणून उभे करतो. ऊन नाही, पाऊस नाही. दुष्काळ आणि रोगराई आपोआप येतात. तेवढ्याने भागले नाही तर वरून मोठमोठे धोंडे टाकतात. आणि अखेरचा उपाय म्हणजे सारे बेटच नगरावर उतरवून घरे व माणसे चिरडून टाकणे. हा तिसरा उपाय मात्र राजा सहसा योजत नाही. मंत्र्यांच्या जहागिऱ्या खालीच असतात, हे एक कारण. दुसरे असे की खालच्या नगरांत उंच सुळके, मनोरे, दगडी स्तंभ असतात. त्यांवर आपटून बेटाचा तळ तडकण्याचे भय असते. म्हणून अत्यंत संतापलेल्या वेळीही राजा बेट अगदी हळुवार उतरवण्याची आज्ञा देतो. बाहेर सांगितले जाते ते असे, की महाराजांच्या पोटात प्रजेविषयी माया आहे!

आपल्याला बोच लागली पाहिजे ती येथे. राजाने नगर चिरडले नाही, हे खरे. माणसे जगली, हेही खरे. मग त्यामागे माया होती की तळाला तडा जाण्याची धास्ती, याने काय फरक पडतो?

लिंडालिनो नगराच्या युद्धात हा प्रश्न अधिक धारदार होतो. जुलमाला कंटाळलेल्या या नगराने वेशी बंद केल्या, राज्यपालाला कैद केले आणि चार कोपऱ्यांवर चार उंच मनोरे बांधले. मनोऱ्यांच्या माथ्यावर आणि नगराच्या मध्यावरील सुळक्यावर त्यांनी मोठे लोहचुंबक बसवले. शिवाय पेटवण्यासाठी जळणाचे ढीग रचले. राजाला हे आठ महिन्यांनी कळले. बेट आले, सावली पडली. नगरवासीयांचे अर्ज वर ओढून घेण्यासाठी सुतळ्या सोडण्यात आल्या, परंतु दयेची याचना कोणी केली नाही. त्यांच्या मागण्या होत्या: गाऱ्हाण्यांचे निवारण, सवलती आणि आपला राज्यपाल आपण निवडण्याचा अधिकार. मग धोंडे पडले; लोक मनोऱ्यांत व तळघरांत शिरले. शेवटी बेट उतरू लागले, तेव्हा ते नेहमीपेक्षा वेगाने खाली ओढले जात आहे, असे अधिकाऱ्यांच्या ध्यानी आले. एका वृद्ध अधिकाऱ्याने दोरीला वज्राचा तुकडा बांधून खाली सोडला. तो परत ओढून घेणे कठीण झाले. राजाने मुकाट्याने सर्व अटी मान्य केल्या.

स्विफ्ट डब्लिनच्या सेंट पॅट्रिक कॅथीड्रलचे डीन होते, अँग्लिकन पंथाचे धर्मगुरू. लिंडालिनो या नावात ‘लिन’ दोनदा येते, म्हणजे ‘डबल लिन’, म्हणजेच डब्लिन. विल्यम वुड या व्यापाऱ्याला आयर्लंडसाठी तांब्याची नाणी पाडण्याचा परवाना इंग्लंडने १७२२ साली दिला, तेव्हा आयरिश जनता खवळून उठली. १७२४ मध्ये स्विफ्ट यांनी एका कापडविक्याच्या नावाने पत्रे लिहून ती नाणी नाकारण्याचे आवाहन केले आणि १७२५ मध्ये परवाना मागे घेण्यात आला. त्या लढ्यात मनोरे नव्हते. लोकांनी नाणे घ्यायचे नाही असे ठरवले, एवढेच.

भीतीपोटी झालेला पश्चात्ताप अपूर्ण असला तरी टाकाऊ नसतो, असे आपण धर्मशिक्षणात शिकलो आहोत. त्या न्यायाने राजाच्या भयालाही काही मोल द्यावे लागेल. चिरडण्यापेक्षा घाबरून थांबलेले बरे. पण पश्चात्तापी माणूस आपले भय ओळखतो आणि कबूल करतो. राजा आपल्या भयाला मायेचे नाव देतो. अशा नावाखाली अन्याय सुखाने नांदतो, कारण ‘आम्ही तुम्हांला जगू दिले’ हे उपकाराचे खाते होऊन बसते. सुतळीवरून आलेल्या मागण्या पहिल्या दिवशी जितक्या न्याय्य होत्या, तितक्याच शेवटच्या दिवशीही होत्या. मधल्या काळात बदलली होती ती केवळ राजाच्या पायांखालच्या जमिनीची खात्री.

आणि स्विफ्ट प्रजेलाही सोडत नाहीत. बेट आणखी खाली आले असते, तर ते कायमचे जखडून ठेवून राजासह त्याच्या सर्व सेवकांना ठार करण्याचा नागरिकांचा निश्चय होता, असे एक मंत्री गलिव्हरला सांगतो. सर्व सेवकांना! त्यांत दिवे लावणारे आणि पाणी भरणारेही आलेच. धाक हातात येताच खालचा माणूसही वरच्यासारखाच हिशेब करू लागतो.

हा मजकूर १७२६ च्या आवृत्तीत छापला गेला नाही, १७३५ च्या डब्लिन आवृत्तीतही नाही. तो प्रथम प्रसिद्ध झाला १८९९ साली. त्याच वर्षी हेग येथील परिषदेत, बलूनमधून स्फोटके टाकू नयेत, असा करार पाच वर्षांच्या मुदतीने झाला. बलूनमधून नेम साधणे तेव्हा अवघडच होते, त्यामुळे संयम स्वस्तात पडला. १९०७ साली तो करार पुन्हा पुढे आला, तेव्हा अनेक मोठ्या राष्ट्रांनी सही केली नाही. १९११ साली एका इटालियन वैमानिकाने लिबियात, तुर्की फौजेच्या छावणीवर, विमानातून हाताने बॉम्ब टाकले.