काळीज नसलेला पिचर

‘द ट्वायलाइट झोन’ ही अमेरिकेतल्या सीबीएस वाहिनीवरची मालिका १९५९ ते १९६४ या काळात चालली आणि तिचे १५६ भाग झाले. दर भागाची गोष्ट स्वतंत्र, पात्रे निराळी. त्यांतला ‘द मायटी केसी’ हा भाग १७ जून १९६० रोजी दाखवला गेला. मालिकेचे निर्माते आणि निवेदक रॉड सर्लिंग यांनीच तो लिहिला होता. हा भाग विनोदी आहे आणि मालिकेतल्या फिक्या भागांत त्याची गणना होते. विनोदापुरते ते खरेही आहे. पण त्यात एक अवघड तात्त्विक प्रश्न आहे: माणूस ठरण्यासाठी काय लागते, आणि ते अंगी आल्यावर समोरच्याला हरवता येते का?

गोष्ट होबोकेन झेफर्स या काल्पनिक बेसबॉल संघाची आहे. न्यू जर्सीतले होबोकेन मात्र खरे, आणि बेसबॉलच्या इतिहासात त्याला मान आहे. १९ जून १८४६ रोजी लेखी नियमांनुसार खेळला गेलेला, नोंद असलेला एक अगदी सुरुवातीचा सामना तिथल्या इलिशियन फील्ड्स या मैदानावर झाला. ग्रीक पुराणातल्या पुण्यवंतांच्या परलोकाचे नाव त्या मैदानाला दिलेले होते. सर्लिंग यांचे झेफर्स तळाला गेलेले आहेत. त्यांचा मॅनेजर माउथ मॅकगॅरी याच्याकडे डॉ. स्टिलमन नावाचे वृद्ध शास्त्रज्ञ एका उंच, भाबड्या चेहऱ्याच्या पोराला घेऊन येतात. हा केसी. त्याने टाकलेला चेंडू कुणालाच मारता येत नाही, कारण तो रोबॉट आहे. बेसबॉलमध्ये तीन स्ट्राइक पडल्या की बॅटर बाद होतो. केसी एकामागून एक बॅटर असे परत धाडतो आणि संघ वर सरकू लागतो. नायकाचे नाव अर्नेस्ट थेअर यांच्या १८८८ सालच्या प्रसिद्ध कवितेवरून घेतले आहे. तिथला केसी बॅटर असतो आणि ऐन मोक्याला बाद होतो. सर्लिंग यांनी त्याला पिचर, म्हणजे चेंडू टाकणारा, करून अजिंक्य बनवले.

एका सामन्यात चेंडू केसीच्या डोक्याला लागतो. डॉक्टर तपासायला येतात आणि त्यांना ठोकेच ऐकू येत नाहीत. प्रकरण बेसबॉलच्या आयुक्तांकडे जाते. नियमानुसार संघ नऊ माणसांचा असतो, आणि ज्याला हृदय नाही तो माणूस नाही, असा निकाल ते देतात. काळीज तर क्लबच्या मालकालाही नाही, अशी कोटी मॅकगॅरी करून पाहतो. ती कुणी मनावर घेत नाही. मग तोडगा निघतो. केसीला हृदय बसवले तर? आयुक्त मान्यता देतात.

आयुक्तांची कसोटी हास्यास्पद वाटते, पण त्या काळाला ती अगदीच परकी नव्हती. १९६० साली हृदय थांबणे म्हणजे मरण, हीच डॉक्टरांची आणि कायद्याची रूढ समजूत होती. डिसेंबर १९६७ मध्ये केपटाउनला ख्रिस्तियान बर्नार्ड यांनी एका माणसाचे हृदय दुसऱ्याच्या छातीत बसवले, १९६८ मध्ये हार्वर्डच्या समितीने मेंदूमृत्यूचे निकष मांडले, आणि हृदयाचे ते स्थान डळमळले. १९८२ मध्ये सॉल्ट लेक सिटीत बार्नी क्लार्क यांना कायमस्वरूपी म्हणून यांत्रिक हृदय बसवले गेले. त्यावर ते ११२ दिवस जगले, आणि त्यांच्या माणूसपणाबद्दल कुणी शंका काढली नाही. याच भागाच्या चित्रीकरणावरही हृदयाची सावली आहे. मॅकगॅरीची भूमिका आधी पॉल डग्लस यांनी केली होती. चित्रीकरणानंतर थोड्याच काळात, सप्टेंबर १९५९ मध्ये, ते हृदयविकाराच्या झटक्याने गेले. चित्रफितीत त्यांची खालावलेली प्रकृती लपत नव्हती. सर्लिंग यांनी पदरमोड करून जॅक वॉर्डन यांना घेऊन मॅकगॅरीची दृश्ये पुन्हा चित्रित करवली.

माणूस कोण हे अवयवावरून ठरवायचे नाही, तर कशावरून? देकार्त यांनी १६३७ मध्ये दोन कसोट्या सुचवल्या होत्या: यंत्र प्रसंग ओळखून अर्थपूर्ण बोलू शकणार नाही, आणि एखादे काम उत्तम केले तरी इतर कामांत फसेल. १९५० मध्ये ॲलन ट्यूरिंग यांनी संभाषणालाच कसोटीचे रूप दिले. केसी बोलतो, ऐकतो, संघात मिसळतो. ट्यूरिंग यांच्या परीक्षेत तो बहुधा उत्तीर्ण झाला असता. आयुक्तांना त्याचे सोयरसुतक नाही. नियमाची चौकट आधी, माणूस नंतर. अमेरिकी बेसबॉलला ही सवय चांगली परिचयाची होती. जॅकी रॉबिन्सन १९४७ मध्ये ब्रुकलिन डॉजर्सकडून उतरेपर्यंत विसाव्या शतकातल्या मेजर लीगमध्ये एकाही कृष्णवर्णीय खेळाडूला जागा नव्हती, आणि ही बंदी कोणत्याही नियमपुस्तकात लिहिलेली नव्हती. शेवटचा संघ, बोस्टन रेड सॉक्स, बदलला तो जुलै १९५९ मध्ये. ‘द मायटी केसी’ त्यानंतर वर्षभराच्या आत आला. सर्लिंग यांनी यात वर्णभेदाचा उल्लेख केलेला नाही. पण नऊ जणांत कोण मोजायचा हा वाद तेव्हाच्या प्रेक्षकाला नवा असण्याचे कारण नव्हते.

हृदय बसवल्यावर केसी मैदानात उतरतो आणि प्रतिस्पर्धी त्याची धुलाई करतात. जोर कमी झालेला नाही. समोरच्याला बाद केले तर त्याच्या कारकिर्दीचे नुकसान होईल, या विचाराने त्याचा हात आखडतो. ज्या इंद्रियावाचून खेळता येत नव्हते, त्याच्यामुळेच आता खेळता येत नाही. शेवटी तो समाजसेवेकडे वळू पाहतो.

ज्ञानेश्वरीच्या पहिल्या अध्यायात कोरडे लाकूड सहज पोखरणारा भुंगा कोवळ्या कळीत अडकून पडतो, तशी अर्जुनाची अवस्था वर्णिली आहे. केसीची गत तीच. फरक एवढाच, की त्याला सारथी नाही. डॉ. स्टिलमन हृदय बसवतात, पण त्याचे करायचे काय हे कुणी सांगत नाही. चिनी तत्त्वज्ञ मेन्सियस यांच्या मते दुसऱ्याचे दुःख न साहवणे हा प्रत्येकात उपजत असलेला अंकुर आहे. तो जोपासला तर सद्गुण होतो. केसीला अंकुराऐवजी एकदम झाडच मिळाले. कांट यांनी याच जागी बोट ठेवले असते. १७८५ च्या ‘नीतीच्या तत्त्वमीमांसेची पायाभरणी’ या ग्रंथात केवळ स्वभावातल्या कणवेपोटी केलेल्या भल्या कृत्याला ते खरे नैतिक मूल्य देत नाहीत. केसीची दया तर शस्त्रक्रियेतून आलेली. शिवाय ती जवळचेच पाहते: साठ फूट सहा इंचांवर उभा असलेला बॅटर तिला दिसतो, मैदानातले स्वतःचे आठ सोबती दिसत नाहीत. केसीने चेंडू सोडले तर बेकार होणार ते हेच.

खेळाच्या अंगाने पाहिले तर केसीची चूक आणखी स्पष्ट होते. बर्नार्ड सूट्स यांनी १९७८ च्या ‘द ग्रासहॉपर’ या पुस्तकात खेळाची व्याख्या केली ती अशी, की खेळणारा अनावश्यक अडथळे आपखुशीने पत्करतो. बॅटर बाद होण्याची शक्यता मान्य करूनच उभा राहतो. त्याला मुद्दाम सोपा चेंडू टाकणे म्हणजे त्याने पत्करलेले आव्हान परस्पर काढून घेणे. दयेत असा अपमान दडलेला असू शकतो, आणि केसीला तो कळत नाही.

पण एवढ्यावर निकाल लागत नाही. झेफर्सच्या काळातला व्यावसायिक खेळाडू आपखुशीने उभा होता असे म्हणणे अर्धेच खरे. तेव्हाच्या करारातल्या ‘रिझर्व्ह क्लॉज’मुळे खेळाडू क्लबला बांधलेला असे, ही पकड सैल झाली ती १९७५ अखेरच्या लवादाच्या निर्णयानंतर. सलग अपयश आले तर क्लब त्याला खालच्या दर्जाच्या मायनर लीगमध्ये धाडे, आणि दुसरीकडे जाण्याची मोकळीक नसे. त्याच्यासाठी तो खेळ होता तशीच नोकरीही. केसीला ही नोकरी दिसली. सूट्स यांचा युक्तिवाद मैदानावरच्या पोरांना लागू पडतो. पोट ज्याचे त्या बॅटवर आहे त्याला तो तितकासा पुरत नाही.

या प्रकारच्या इतर कथांनी प्रश्न वेगळ्या बाजूंनी धरला. याच मालिकेतल्या रिचर्ड मॅथेसन यांच्या ‘स्टील’ (१९६३) या भागात माणसांच्या मुष्टियुद्धाला बंदी आहे, यंत्रे लढतात. आपले यंत्र बिघडल्यावर ली मार्विन यांचा नायक स्वतःच यंत्र असल्याचे भासवून रिंगणात उतरतो आणि मार खातो. तिथे माणूसपण लपवावे लागते. ‘द आउटर लिमिट्स’मधल्या ‘आय, रोबॉट’ (१९६४) मध्ये ॲडम लिंक नावाच्या यंत्रावर खुनाचा खटला चालतो, तो दोषी ठरतो, आणि नंतर एका मुलीला वाहनाखालून वाचवताना स्वतः चिरडला जातो. कथा म्हणून ती ‘केसी’पेक्षा घट्ट आहे, पण तिथली करुणा सरळ आहे, तिचा दुसऱ्या कुणाला तोटा होत नाही. १९८८ च्या ‘एक्स्ट्रा इनिंग्ज’मध्ये जायबंदी बेसबॉलपटू जुन्या खेळाडूच्या चित्रकार्डातून भूतकाळात जातो; ती गतकाळाची ओढ आहे, त्याहून अधिक काही नाही.

‘द मायटी केसी’च्या अखेरीस झेफर्सचा गाशा गुंडाळला जातो. डॉ. स्टिलमन आठवण म्हणून केसीचे आराखडे मॅकगॅरीच्या हाती देतात. ते पाहून त्याला काहीतरी सुचते आणि तो त्यांच्या मागे धावत सुटतो. मॅकगॅरी पुढे पश्चिम किनाऱ्यावर गेला आणि तिथे अजिंक्य पिचरांच्या बळावर त्याने विजेतेपदे मिळवली, अशी वदंता निवेदक सांगतो. डॉजर्स १९५८ मध्ये ब्रुकलिन सोडून लॉस एंजेलिसला गेले होते आणि १९५९ ची वर्ल्ड सिरीज त्यांनी जिंकली होती, त्यामुळे रोख कुणावर हे तेव्हा सांगावे लागले नसेल. आयुक्तांचा नियम मात्र कायम आहे. म्हणजे त्या पिचरांना एकतर हृदय आहे आणि तरीही ते बॅटर बाद करतात, किंवा त्यांची छाती तपासायला कुणी गेलेच नाही. यांतले काय घडले ते सर्लिंग यांनी सांगितलेले नाही.