नारदाची गादी आणि सिनेमाचा पडदा

नारदाच्या गादीवर उभे राहणाऱ्याने सिनेमा काढावा काय? दोन डगरींवर पाय ठेवू नये, असे म्हणून हा प्रश्न मिटवणारे पुष्कळ आहेत. त्यांना आम्ही विचारतो, मग नाथमहाराजांचे काय करता? ज्या हाताने भागवतावर टीका लिहिली, ज्ञानेश्वरीची शुद्ध प्रत सिद्ध केली, त्याच हाताने त्यांनी वासुदेव, जोशी, गोंधळी यांची सोंगे भारुडांत उभी केली. त्यामुळे त्यांचे ब्रह्मज्ञान काही उणे झाले नाही. आणि काल्याच्या कीर्तनात आपण तरी काय करतो? पेंद्या, सवंगडी, दह्याची हंडी सगळे डोळ्यांपुढे नाचवतोच की! तेव्हा सोंगातच दोष आहे, हे खरे नव्हे.

मग अडते कोठे? वेळेचे म्हणाल, तर आमचा वारकरी शेत, जाळे, दुकान सांभाळून पंढरी गाठतोच. आमच्या मते अडते ते नमस्कारावर.

1936 साली प्रभात कंपनीने 'संत तुकाराम' काढला. दिग्दर्शन दामले आणि फत्तेलाल यांचे, तुकोबांच्या भूमिकेत विष्णुपंत पागनीस. पुढच्या वर्षी व्हेनिसला त्याचा गौरवही झाला. पागनीस पूर्वी रंगभूमीवर स्त्रीभूमिका करीत. पण या चित्रपटानंतर लोक त्यांच्या पाया पडू लागले. शांताराम आठवले यांनी त्यासाठी रचलेले एक पद तर कित्येकांना तुकोबांचाच अभंग वाटले! असो. नटाला केलेला तो नमस्कार तुकोबांनाच पोचला म्हणू. नटाने काही गादी मागितली नव्हती. गादीवरचा मनुष्य पडद्याकडे वळला म्हणजे मात्र हिशेब उलटा होतो.

भूतानचे खेंत्से नोर्बू यांचेच पाहा. हे बौद्ध लामा. लहानपणीच एका थोर गुरूचा अवतार म्हणून त्यांना मान्यता मिळाली. मठ आणि शिष्य यांचा भार डोक्यावर असताना त्यांनी 1999 साली 'द कप' हा चित्रपट केला. हिमाचलातल्या बीर येथे, खऱ्याखुऱ्या भिक्षूंना घेऊन. कथा काय, तर फुटबॉलच्या विश्वचषकाचा सामना बघायला मिळावा म्हणून मठातल्या पोरांची चाललेली धडपड! पुढेही ते चित्रपट करीत राहिले. 2013 साली सुनील गंगोपाध्याय यांच्या कथेवर एक केला. आम्हांला विशेष वाटते ते हे, की पहिल्याच चित्रपटात या गुरूने स्वतःची महती गायली नाही, पोरांचा खोडकरपणा दाखवला.

तरी प्रश्न उरतोच. कलावंताला 'हे फसले' असे तोंडावर सांगणारा कोणीतरी लागतो. महाराजांना तो कोठून मिळावा? शिष्य तर चित्र सुरू होण्यापूर्वीच हात जोडून बसलेला. दुसरी गोष्ट पैशाची. कीर्तन वीणा, टाळ, मृदंग एवढ्यावर उभे राहते. सिनेमाला भांडवल लागते. जेथे कीर्तन करावे तेथे द्रव्य घेऊ नये, अन्नही घेऊ नये, इतका कडक दंडक तुकोबांनी घालून दिला. (तो हल्ली किती पाळला जातो, हे वाचक जाणतातच.) उद्या बुवांनी सप्ताहात सिनेमासाठी झोळी फिरवली आणि मासळी विकून आलेल्या एखाद्या माउलीने कनवटीची नोट तीत टाकली, तर ती नोट सिनेमाला की विठोबाला? तिला विचाराल तर ती विठोबाच म्हणेल. तिच्या त्या समजुतीवर आपले चित्र उभे करणे, याला आम्ही चोरी म्हणतो. मग चित्र कितीही सुंदर निघो.

अलिबागजवळच्या एका कोळीवाड्यात सप्ताह होता, होड्या किनाऱ्याला ओढलेल्या होत्या. तेथे एका तरुण कीर्तनकाराने आम्हांस विचारले, "बुवा, सिनेमा बनवला तर माळ काढावी लागंल का हो?"

आम्ही म्हटले, "माळ राहू दे. सप्ताहात सिनेमाचे नाव काढू नकोस, वर्गणी मागू नकोस. आणि चित्र तयार झाले की आधी तुला कोणी महाराज म्हणत नाही अशा गावी दाखव."

तो हसला. "तिथं फुकट बी कुनी बघनार नाय, बुवा."

"मग तिथंच ने," आम्ही म्हटले.